आकाशाशी ताळा

जुईनगरला सूर्य माथ्यावर येतो तेव्हा घड्याळात बारा वाजून गेलेले असतात. आपली घड्याळं लावलेली आहेत उत्तर प्रदेशातल्या मिर्झापूरजवळून जाणाऱ्या साडेब्याऐंशी अंशांच्या रेखावृत्तावर, आणि आपण राहतो त्याच्या साडेनऊ अंश पश्चिमेला. दर अंशाला चार मिनिटं धरली, तर इथली खरी दुपार सरासरीनं १२ वाजून ३८ मिनिटांनी होते. नोव्हेंबरच्या आरंभी ती सोळा मिनिटं अलीकडे सरकते, फेब्रुवारीच्या मध्याला चौदा मिनिटं पलीकडे जाते. मेच्या मध्याला एकदा आणि जुलैच्या अखेरीस एकदा सूर्य इतका नेमका डोक्यावर येतो, की खांबाची सावली खांबाच्याच पायाशी गोळा होते. उज्जयिनीच्या रेखेवरून काळ मोजणाऱ्या जुन्या गणितींना विचारलं असतं, तर त्यांनी आपल्याला उज्जयिनीच्या अकरा मिनिटं मागे बसवलं असतं.

हे आकडे कोरडे वाटण्याजोगे. मला ते जिवलग वाटतात. कारण त्यांतून कळतं, की वेळ ही जागेची असते. सिडकोनं सेक्टर आखण्याआधी, हार्बर मार्गाचे रूळ येण्याआधी इथं भातशेती होती, मिठागरं होती, शिरवण्या-सानपाड्याची आगरी-कोळी वस्ती होती, आणि या वस्तीला तिची स्वतःची वेळ होती. आज फलाटावर उभं राहिलं की मिनिटामिनिटाची घोषणा ऐकू येते. ठाण्याहून निघालेली गाडी तुर्भे सोडल्यावर एक तर सानपाड्याकडे वळून वाशीला जाते, नाही तर जुईनगरला येऊन पनवेलच्या वाटेला लागते. ही वेळ रेल्वेची. पामबीच रस्त्याच्या पलीकडे, खारफुटीच्या आड, दुसरी एक वेळ चालू असते. ती खाडीची. दिवसातून दोनदा पाणी चढतं, दोनदा उतरतं. हिवाळ्यात आलेले रोहित पक्षी ओहोटीला चिखलात चरतात आणि भरतीला आतल्या तळ्यांकडे सरकतात. त्यांना घोषणेची गरज पडत नाही.

शिरवण्याचे एक वृद्ध शेजारी, ज्यांना आम्ही सगळे काका म्हणतो, मला एकदा म्हणाले, "तिथी सांगा, भरती सांगतो." मी अष्टमी म्हटलं. ते म्हणाले, "सहाला." एकादशी म्हटलं. "सव्वाआठ." तिथीची पाऊणपट करायची, जो आकडा येईल त्या सुमाराला पूर्ण भरती: कोकण किनाऱ्यावरच्या कोळ्यांचा हा पिढ्यान्पिढ्यांचा हिशेब. सकाळीही तोच, संध्याकाळीही तोच. खाडीच्या लांबीप्रमाणे थोडं मागंपुढं होतं, पण होडी पाण्यात लोटायला तेवढं पुरतं. आणि यात जादू काही नाही. सूर्य आणि चंद्र यांच्यातलं अंतर बारा अंशांनी वाढलं की एक तिथी पुरी होते. त्याच सूर्यचंद्रांच्या ओढीनं समुद्र फुगतो. चंद्र रोज सुमारे पन्नास मिनिटं उशिरा येतो, भरतीही तेवढीच उशिरा येते. म्हणजे भिंतीवरच्या पंचांगातला तिथीचा रकाना हे एका अर्थी खाडीचं वेळापत्रक आहे. उपास आणि मुहूर्त यांच्यासाठी आपण तो वाचतो. काका तो पाण्यासाठी वाचतात.

पंचांग असं वाचायला मला एका माणसानं शिकवलं. तो सव्वाशे वर्षांपूर्वीच गेला. शंकर बाळकृष्ण दीक्षित त्याचं नाव. मराठी मुलखात काळाचा एवढा मोठा अभ्यासक दुसरा झाला नाही असं मी मानतो, आणि हा अभ्यासक शाळामास्तर होता याचा मला विशेष अभिमान वाटतो.

दीक्षित जन्मले जुलै १८५३ मध्ये, दापोलीजवळच्या मुरुड गावी. पुढे महर्षी कर्व्यांमुळे प्रसिद्ध झालेलं तेच हे समुद्रकाठचं मुरुड. त्याच वर्षी १६ एप्रिलला बोरीबंदरहून ठाण्याला पहिली आगगाडी धावली होती. तीन महिन्यांच्या अंतरानं या प्रदेशात एक नवी वेळ आली आणि जुन्या वेळेचा इतिहास लिहिणारा माणूस आला. ही जोडी माझ्या मनातून जात नाही. रेल्वेनं पुढं स्टेशनांत मद्रासची वेळ आणली. मुंबई शहर मात्र आपल्या स्थानिक वेळेला धरून राहिलं, आणि १९०६ साली भारतीय प्रमाणवेळ लागू झाल्यावरही पुढं जवळजवळ अर्धं शतक ते ती वेळ सोडायला तयार नव्हतं. एकाच शहरात दोन दोन घड्याळं चालली. अशा काळात दीक्षित वाढले, शिकले आणि शिकवू लागले.

विद्यापीठाची पदवी त्यांच्याकडे नव्हती. पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात ते तयार झाले आणि आयुष्यभर शिक्षण खात्यात राहिले. रेवदंडा, ठाणे, बार्शी, धुळे आणि अखेर पुन्हा पुण्याचं ट्रेनिंग कॉलेज असा त्यांच्या नोकरीचा प्रवास. या गावांत वेधशाळा नव्हत्या. मोठी ग्रंथालयं नव्हती. दिवसा मुलांना गणित शिकवायचं, रात्री आकाश पाहायचं, आणि कुठं एखादी पोथी आहे असं कळलं की तिच्यासाठी पत्रं लिहायची. सामान्य वाचकासाठी त्यांनी ताऱ्यांवर एक पुस्तक लिहिलं: 'ज्योतिर्विलास अथवा रात्रीची दोन घटका मौज'. दोन घटका म्हणजे अठ्ठेचाळीस मिनिटं. जेवणखाण आटोपून अंगणात बसलेल्या माणसाकडे तेवढी सवड असते हे या शिक्षकाला ठाऊक होतं.

त्यांचं मोठं काम दोन दिशांनी झालं, आणि दोन्ही १८९६ साली पुरं झालं. रॉबर्ट सेवेल या मद्रास इलाख्यातल्या निवृत्त अधिकाऱ्याबरोबर त्यांनी भारतीय कालगणनेवरचा इंग्रजी ग्रंथ लंडनहून प्रसिद्ध केला. शिलालेखातल्या कोणत्याही तिथीची इंग्रजी तारीख काढायची असेल, तर त्यासाठीची कोष्टकं त्यात होती. आणि त्याच वर्षी पुण्यात त्यांचा मराठी ग्रंथ छापून झाला: 'भारतीय ज्योतिषशास्त्राचा प्राचीन आणि अर्वाचीन इतिहास'. वेदकाळापासून त्यांच्या स्वतःच्या दिवसांपर्यंत या देशात काळ कोणी, कसा, कशानं मोजला याची ही संगतवार हकिगत आहे.

तो ग्रंथ मी जुईनगर-ठाणे गाडीत वाचत आलो आहे. खिडकीबाहेर तुर्भे, कोपरखैरणे, घणसोली सरकत असतात आणि पानांवर वेदांग ज्योतिषातलं पाच वर्षांचं युग उलगडत असतं: १८३० दिवस, बासष्ट चांद्रमास, त्यांत दोन अधिक. चांद्र वर्ष ३५४ दिवसांचं, सौर वर्ष ३६५ दिवसांचं. दर वर्षी अकरा दिवसांचा फरक साठतो आणि सुमारे बत्तीस-तेहतीस महिन्यांनी एक महिना जादा घालून तो फेडावा लागतो. २०२३ साली अधिक श्रावण आला तो याच देण्यापोटी. लग्नं थांबतात, जावयाला वाण देतात, बाजारात अनारशांची पिठं दिसू लागतात. हे सगळं त्या अकरा दिवसांच्या बाकीतून येतं, आणि ती बाकी कोणी तरी तीन हजार वर्षांपूर्वी ओळखली होती.

दीक्षितांची रीत समजावी म्हणून एकच उदाहरण सांगतो. गुप्त राजांचा शक नक्की केव्हा सुरू झाला, यावर एकोणिसाव्या शतकात मोठा वाद होता. अल्बेरूनीनं लिहून ठेवलं होतं, की तो शालिवाहन शकानंतर २४१ वर्षांनी सुरू होतो. पण हे सगळ्यांना मान्य नव्हतं, आणि वेगवेगळे विद्वान वेगवेगळी वर्षं सांगत. मुंबई इलाख्यातले अधिकारी जे. एफ. फ्लीट गुप्तांचे शिलालेख एकत्र करत होते. मध्य प्रदेशात सागर जिल्ह्यात एरण गावी बुधगुप्ताच्या काळचा एक स्तंभ आहे. त्यावर वर्ष १६५, आषाढ शुद्ध द्वादशी, गुरुवार असा उल्लेख आहे. फ्लीटनी गणितासाठी दीक्षितांना गाठलं. दीक्षितांनी अल्बेरूनीचं अंतर धरलं, शके ४०६ हे वर्ष घेतलं आणि मांडणी केली. उत्तर आलं २१ जून ४८४. वार गुरुवार.

सात वारांपैकी नेमका तोच वार येणं योगायोगानंही घडू शकतं. म्हणून एकाच लेखावर न थांबता त्यांनी इतर लेखांचीही गणितं केली, आणि सगळ्यांचा ओढा त्याच वर्षाकडे निघाला. १८८८ साली फ्लीटचा गुप्त शिलालेखांचा खंड आला, तेव्हा त्यात या मास्तरांची गणितं होती. समुद्रगुप्त, चंद्रगुप्त, कुमारगुप्त यांच्या सनावळ्या आज शाळेतली मुलं पाठ करतात, त्यांच्या मुळाशी हे वार आणि तिथी जुळवण्याचं काम आहे. हे उत्तर मी कागदावर पुन्हा मोडून पाहिलं आहे. अमावास्या मागे मोजत नेली, चंद्राचं वय काढलं. २१ जून ४८४ ला चंद्र बाराव्या तिथीतच सापडतो. पंधराशे वर्षांपूर्वीचा एक गुरुवार आपल्या हाताखाली असा जिवंत होताना पाहणं हा आनंद शब्दांत मावणारा नाही. राजे गेले, स्तंभ अर्धवट झिजला, पण चंद्रसूर्यांनी आपली साक्ष बदलली नाही. दीक्षितांनी फक्त योग्य प्रश्न विचारला.

असाच प्रश्न त्यांनी शतपथ ब्राह्मण या वैदिक ग्रंथाला विचारला. तिथं कृत्तिकांविषयी एक विधान आहे: इतर नक्षत्रं पूर्व दिशेपासून ढळतात, कृत्तिका ढळत नाहीत. शतकानुशतकं हे वाक्य यज्ञाच्या संदर्भात म्हटलं गेलं होतं. दीक्षितांनी ते निरीक्षण म्हणून वाचलं. तारा बरोबर पूर्वेला उगवायचा, तर तो खगोलीय विषुववृत्तावर असला पाहिजे. कृत्तिका विषुववृत्तावर केव्हा होत्या? पृथ्वीचा अक्ष भोवऱ्यासारखा डुलतो, त्यामुळे संपातबिंदू, म्हणजे दिवस-रात्र सारखे असताना सूर्य असतो तो बिंदू, दर बहात्तर वर्षांना सुमारे एक अंश मागे सरकतो. तो हिशेब उलटा चालवत ते इसवी सनापूर्वी सुमारे तीन हजार वर्षांपर्यंत पोचले. हे विधान त्या काळात डोळ्यांनी पाहून केलेलं असावं, असा त्यांचा निष्कर्ष. त्यावर विद्वानांचे मतभेद झाले आणि अजून आहेत. त्यांचं म्हणणं शेवटपर्यंत टिको न टिको, एका प्राचीन वाक्यामागे पहाटे पूर्वेकडे तोंड करून उभा असलेला माणूस त्यांना दिसला, ही माझ्या दृष्टीनं फार मोठी गोष्ट आहे.

आज जुईनगरच्या गच्चीवरून कृत्तिका उगवताना पाहिल्या तर त्या पूर्वेच्या बऱ्याच उत्तरेला दिसतात. अंतर साधारण पंचवीस अंशांचं. कार्तिकातल्या संध्याकाळी, एमआयडीसीच्या दिव्यांच्या आणि पारसिकच्या डोंगराच्या वरच्या अंगाला, हवा स्वच्छ असेल तर तो लहानसा झुबका सापडतो. शहराच्या उजेडात सगळे तारे मोजता येत नाहीत, तीन-चार लागतात. तरी पाहावं. शतपथाच्या ऋषीची पूर्व आणि आपली पूर्व यांच्यातली ती पंचवीस अंशांची फट म्हणजे पाच हजार वर्षं. काळ डोळ्यांना दिसतो तो असा.

याच सरकण्यातून दीक्षितांच्या काळातला मोठा वाद उभा राहिला होता. आपली पंचांगं तेव्हा प्रामुख्यानं गणेश दैवज्ञाच्या ग्रहलाघवावर चालत. हा गणेश कोकणातल्या नांदगावचा. १५२० च्या सुमाराला त्यानं त्रिकोणमितीतल्या 'ज्या'ची (साइनची) कोष्टकं टाळून ग्रहगणित इतकं सोपं केलं, की गावोगावच्या जोशांना ते करता येऊ लागलं. पण साडेतीनशे वर्षांत लहान लहान चुका साठल्या. ग्रहण पंचांगात एका वेळी, आकाशात दुसऱ्या वेळी, असं होऊ लागलं. केरो लक्ष्मण छत्र्यांनी १८६० साली 'ग्रहसाधनाची कोष्टके' लिहिली आणि पुढं आकाशाशी मेळ असलेलं पटवर्धनी पंचांग निघू लागलं. विसाजी रघुनाथ लेले, जनार्दन बाळाजी मोडक आणि दीक्षित हे त्याही पुढं गेले. ऋतूंशी महिने जुळले पाहिजेत, म्हणून वर्ष संपातापासून मोजा, असं सायन पंचांग त्यांनी मांडलं. उत्तरायण प्रत्यक्षात २१-२२ डिसेंबरला सुरू होतं आणि आपण संक्रांत मात्र १४-१५ जानेवारीला करतो, हा फरक दर शतकाला वाढत जातो, याकडे त्यांनी बोट दाखवलं.

लोकांनी ते पंचांग उचललं नाही. सणांशी माणसाचं मन बांधलेलं असतं, आणि तिळगूळ कोणत्या दिवशी वाटायचा हे केवळ गणितानं ठरत नाही. दीक्षितांची थोरवी मला दिसते ती इथं. स्वतः सायनवादी असूनही त्यांनी इतिहासात प्रत्येक पक्षाला न्याय दिला. गणेश दैवज्ञाच्या चुका दाखवताना त्याची प्रतिभा झाकली नाही. आर्यभट, वराहमिहिर, ब्रह्मगुप्त, भास्कराचार्य यांच्याविषयी लिहिताना आदर ठेवला आणि आकडेही तपासले. परंपरेवरचं प्रेम आणि परंपरेची तपासणी ही एकाच हातानं करता येतात, हे त्यांच्या पानापानांतून दिसतं. जुनं आहे म्हणून खरं, किंवा जुनं आहे म्हणून खोटं, या दोन्ही आळसांना त्यांच्याकडे जागा नव्हती.

ग्रंथ छापून झाल्यावर जेमतेम दोन वर्षांनी, एप्रिल १८९८ मध्ये, दीक्षित गेले. वय चव्वेचाळीस. पुढची कथा संथ आहे, तरी समाधान देणारी आहे. स्वतंत्र भारतात १९५२ साली मेघनाद साहांच्या अध्यक्षतेखाली पंचांग सुधारणा समिती नेमली गेली. तिच्यात नागपूरचे डॉ. के. ल. दप्तरी होते, पुण्याचे ज. स. करंदीकर होते, आणि आर. व्ही. वैद्य होते. २२ मार्च १९५७ ला, १ चैत्र शके १८७९ या दिवशी, भारताची राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली. तिचं वर्ष सायन आहे. चैत्राचा पहिला दिवस वसंत संपाताला बांधलेला आहे. धार्मिक सणांनी आपली जुनी वाट ठेवली, पण भारत सरकारच्या राजपत्रावर जी भारतीय तारीख छापली जाते, तिच्यात लेले, मोडक आणि दीक्षित यांचं म्हणणं आहे. समितीतल्या याच वैद्यांनी दीक्षितांच्या मराठी ग्रंथाचं इंग्रजी भाषांतर केलं. त्याचा पहिला भाग १९६९ साली निघाला, दुसरा १९८१ साली.

म्हणजे मूळ मराठी पुस्तक इंग्रजीत यायला त्र्याहत्तर वर्षं लागली. दीक्षितांना इंग्रजीत लिहिता येत होतं. सेवेलबरोबर त्यांनी ते केलंही. तरी आयुष्याचं मुख्य काम त्यांनी मराठीत लिहिलं, बार्शीच्या आणि धुळ्याच्या वाचकाला डोळ्यांसमोर ठेवून. ज्ञान आधी आपल्या माणसांच्या हाती द्यावं, जगाला हवं असेल तर ते शोधत येईल, असा विश्वास त्यामागे असला पाहिजे. मराठीतून विज्ञान होत नाही असं कोणी म्हणालं, की मला हा ग्रंथ त्याच्यापुढे ठेवावासा वाटतो.

आज काळ आपल्याला आयता मिळतो. फोन वेळ सांगतो, दिनदर्शिका तिथी सांगते, इंडिकेटर गाडी सांगतो. हे वाईट नाही. पण आयत्या काळाबरोबर तो पडताळून पाहायची सवय गेली. ग्रहण किती वाजता आहे हे आपण वाचतो, पाहायला बाहेर येत नाही. चंद्रोदय ॲपवर पाहून चतुर्थी सोडतो. दीक्षितांनी आयुष्य घालवलं ते नेमकं याच्या उलट सवयीसाठी: सांगितलेलं ऐकायचं, आणि मग आकाशाशी ताळा करून पाहायचा. काळाचा अभ्यास म्हणजे एवढंच, आणि त्याला लागतं ते गच्चीवरून दिसेल तेवढं आकाश आणि थोडा धीर.

म्हणून जुईनगरच्या शिक्षकांना आणि आईवडिलांना माझी विनंती आहे. शाळेच्या किंवा सोसायटीच्या गच्चीवर एक सरळ काठी उभी करा, मुलांना तिच्या सर्वांत आखूड सावलीची खूण करायला सांगा आणि तेव्हा घड्याळात किती वाजले ते लिहून ठेवायला लावा. अष्टमीला सकाळी किंवा संध्याकाळी सहाच्या सुमाराला त्यांना खाडीकडे न्या आणि पाणी पाहू द्या. कार्तिकात पूर्वेकडे कृत्तिका दाखवा. आणि ती मुलं वाचू लागली, की शंकर बाळकृष्ण दीक्षितांचं पुस्तक ग्रंथालयातून मागवून त्यांच्या हाती द्या. ते आपल्या भाषेत लिहिलेलं आहे, आपल्यासाठी लिहिलेलं आहे, आणि अजून पुरतं वाचलं गेलेलं नाही.